संत कान्होपात्रा

संत कान्होपात्रा या इसवी सनाच्या १५व्या शतकातील मराठी संत कवयित्री होत्या. त्या मंगळवेढे (सध्याचा सोलापूर जिल्हा) येथील एका गणिकेच्या कन्या होत्या. नृत्य आणि गायन यांचे रीतसर शिक्षण घेऊनही त्यांनी घराण्याचा व्यवसाय नाकारला, पंढरपूर येथे विठ्ठलाच्या सान्निध्यात राहून अभंगरचना केली आणि परंपरेनुसार विठ्ठलाच्या चरणांवरच देह ठेवला. वारकरी संप्रदाय त्यांना संत मानतो. त्यांच्या नावावर सुमारे ३० रचना आढळतात. त्यांपैकी २३ अभंग सकलसंतगाथेत समाविष्ट आहेत. पंढरपूरच्या विठ्ठल मंदिराच्या आवारात ज्यांची समाधी आहे अशा त्या एकमेव संत मानल्या जातात.

पार्श्वभूमी

मंगळवेढे हे भीमा नदीच्या खोऱ्यातील जुने नगर असून ते पंढरपूरपासून सुमारे २५ किलोमीटर अंतरावर आहे. १२व्या शतकात कलचुरी राजा बिज्जल याच्या काळात महात्मा बसवेश्वर यांचे येथे वास्तव्य होते. संत चोखामेळा यांचा मृत्यू १३३८ मध्ये येथेच गावकुसाचे बांधकाम कोसळून झाला, असे परंपरा सांगते. दुष्काळात सरकारी कोठारातील धान्य रयतेला वाटणारे संत दामाजी हेही मंगळवेढ्याचेच होत. त्यामुळे वारकऱ्यांच्या भक्तिपरंपरेत या गावाला 'संतांची भूमी' असे मानाचे स्थान आहे.

१५व्या शतकात हा प्रदेश बहमनी सत्तेखाली होता. या सत्तेची राजधानी त्या शतकाच्या पूर्वार्धात गुलबर्ग्याहून बिदर येथे हलविण्यात आली. राजकीय अधिकारी, व्यापारी आणि सधन जमीनदार यांच्या आश्रयाने अशा नगरांत गणिकांची घराणी नांदत असत. नृत्य, गायन आणि संभाषणचातुर्य यांत या स्त्रिया निपुण असत. त्यांच्याकडे संपत्ती असे, दासदासी असत, घरात कलावंतांचा राबता असे. मात्र कुलस्त्रीचा विवाह, देवकार्यातील मान आणि स्वतःच्या देहावरचा अधिकार या तिन्ही गोष्टी त्यांना दुर्लभ होत्या. मुलीला आईचाच व्यवसाय करावा लागे. त्यातून बाहेर पडण्याची समाजमान्य वाट नव्हती.

जन्म आणि बालपण

कान्होपात्रा यांच्या आईचे नाव शामा असे सांगितले जाते. ती मंगळवेढ्यातील एक श्रीमंत गणिका होती. वडिलांविषयी निश्चित माहिती मिळत नाही. काही कथांमध्ये नगराचा प्रमुख सदाशिव मालगुजार हा त्यांचा पिता असल्याचे म्हटले आहे. आईच्या वाड्यात त्यांचे बालपण सुखासीन गेले. सेवेला दासी होत्या आणि कशाचीही वाण नव्हती. परंतु आईच्या व्यवसायामुळे समाजातील त्यांचे स्थान हीन मानले जात असे.

लहानपणापासून त्यांना नृत्याचे आणि गायनाचे शिक्षण देण्यात आले. व्यवसायात उतरण्यासाठी ते आवश्यकच होते. त्या दोन्ही कलांत प्रवीण झाल्या. त्यांच्या सौंदर्याची आणि कलेची कीर्ती मंगळवेढ्याबाहेरही पोहोचली. आख्यायिकांत त्यांच्या रूपाची तुलना अप्सरांशी केलेली आढळते.

व्यवसायाचा त्याग

कान्होपात्रा यांच्या चरित्राचा सर्वांत प्रसिद्ध आधार म्हणजे संतचरित्रकार महिपती ताहराबादकर (१७१५–१७९०) यांचा भक्तविजय हा ओवीबद्ध ग्रंथ होय. तो १७६२ मध्ये पूर्ण झाला. या ग्रंथातील कथेनुसार, कान्होपात्रा वयात आल्यावर शामाने त्यांना राजदरबारी नेण्याचा विचार केला. राजाश्रय मिळाला तर वैभव आणखी वाढेल, असा तिचा हिशेब होता. कान्होपात्रा यांनी मात्र अट घातली की, आपल्याहून अधिक सुंदर असेल अशाच पुरुषाचा आपण स्वीकार करू. असा पुरुष मिळणार नाही हे त्या जाणून होत्या. आपल्या देहाचा सौदा टाळण्याचा तो एक मार्ग होता.

याच सुमारास पंढरीच्या वाटेवरील वारकऱ्यांची एक दिंडी त्यांच्या दारावरून गेली. टाळ-मृदंगाच्या साथीने चाललेले भजन ऐकून कान्होपात्रा यांनी वारकऱ्यांना, ते कोणाचे गुण गात आहेत, असे विचारले. वारकऱ्यांनी विठ्ठलाच्या रूपाचे आणि औदार्याचे वर्णन केले. असा देव आपल्यासारखीचा स्वीकार करील काय, हा कान्होपात्रा यांचा पुढचा प्रश्न होता. कंसाची दासी कुब्जा आणि पापी अजामिळ यांचा ज्याने उद्धार केला, तो तुझाही अव्हेर करणार नाही, असे आश्वासन त्यांना मिळाले. आपल्याहून सुंदर असा जो कोणी त्या शोधत होत्या तो हाच, अशी त्यांची खात्री पटली.

पंढरपूरला प्रस्थान

मंगळवेढे सोडण्याच्या प्रसंगाविषयी एकाहून अधिक कथा आहेत. भक्तविजयातील कथेत कान्होपात्रा वारकऱ्यांच्या मेळ्याबरोबर पंढरपूरला जातात. लोकपरंपरेत प्रचलित असलेल्या दुसऱ्या कथेत हा प्रसंग अधिक संघर्षाचा आहे. सदाशिव मालगुजार याने कान्होपात्रा यांचे नृत्य पाहण्याची इच्छा व्यक्त केली. कान्होपात्रा यांनी नकार दिला. अपमानित झालेल्या सदाशिवाने मायलेकींचा छळ आरंभिला. ही तुझीच कन्या आहे, असे शामाने त्याला सांगून पाहिले. परंतु त्याने ते मानले नाही. छळामुळे शामाची संपत्ती हळूहळू संपत गेली. अखेर तिने क्षमा मागून कन्येला त्याच्या स्वाधीन करण्याची तयारी दर्शविली. तेव्हा हौसा नावाच्या वृद्ध दासीच्या मदतीने कान्होपात्रा वेष पालटून पंढरपूरला निघून गेल्या. काही कथांमध्ये ही हौसा स्वतः वारकरी असून, कान्होपात्रा यांना विठ्ठलभक्तीची ओढ तिच्यामुळेच लागली, असे म्हटले आहे.

या दोन्ही कथांमध्ये एक गोष्ट समान आहे. कान्होपात्रा यांनी घर सोडले ते अन्य कोणा पुरुषाच्या आधाराने नव्हे. त्यांच्यामागे पती, बंधू किंवा गुरू उभा नव्हता आणि परतीचा मार्गही उरला नव्हता.

पंढरपूर येथील जीवन

पंढरपूर येथे विठ्ठलाची मूर्ती पाहिल्यावर कान्होपात्रा यांनी तेथेच राहण्याचा निश्चय केला. त्या एका झोपडीत विरक्त वृत्तीने राहू लागल्या. मंदिरात जाऊन त्या विठ्ठलापुढे गात आणि नाचत, असे कथांमध्ये सांगितले आहे. त्यामुळे त्यांनी नृत्यकला सर्वस्वी टाकली असे म्हणता येत नाही. त्यांनी टाकला तो कलेचा बाजार. जे नृत्य धनिकांच्या बैठकीसाठी शिकविले गेले होते, ते देवापुढील सेवेचा भाग झाले. वारकरी कीर्तनात टाळकऱ्यांचे नाचणे आणि पावली धरणे हे भजनाचेच अंग असल्याने अशा सेवेला तेथे अवकाश होता.

गावातील लोकांना त्यांचे पूर्वायुष्य ठाऊक नव्हते. विठ्ठलाच्या वेडाने घर सोडलेली गरीब शेतकऱ्याची मुलगी, असा त्यांचा समज होता, असे एका कथेत म्हटले आहे. लोक त्यांना मान देऊ लागले. त्यांच्या अभंगांची रचना याच काळात झाली असे मानले जाते.

अखेर

कान्होपात्रा यांच्या सौंदर्याची वार्ता बिदरच्या बादशहापर्यंत पोहोचली. लोककथेनुसार सूड घेण्यासाठी सदाशिवानेच ती पोहोचविली. कान्होपात्रा यांना आपल्या जनानखान्यात आणण्याचा हुकूम बादशहाने सोडला आणि शिपाई पंढरपूरला आले. कान्होपात्रा यांनी मंदिराचा आश्रय घेतला. त्यांना स्वाधीन न केल्यास मंदिराचा विध्वंस करू, अशी धमकी शिपायांनी दिली. त्यामुळे प्रश्न केवळ एका स्त्रीचा राहिला नाही; देवालय आणि तेथील पुजारीही संकटात सापडले.

नेण्यापूर्वी विठ्ठलाचे अखेरचे दर्शन घेऊ द्यावे, अशी विनंती कान्होपात्रा यांनी केली. ती मान्य झाली. त्यांनी विठ्ठलाची करुणा भाकली आणि त्याच्या चरणांवर मस्तक ठेवून प्राण सोडला. त्यांचा देह मंदिराच्या दक्षिण भागात पुरण्यात आला. त्या जागी तत्काळ तरटीचे झाड उगवले, अशी श्रद्धा आहे. मृत्यू नेमका कसा झाला याविषयी कथांमध्ये एकवाक्यता नाही. भक्तिपरंपरा त्याकडे विठ्ठलस्वरूपात विलीन होणे या दृष्टीने पाहते.

काळनिश्चिती

कान्होपात्रा यांच्या जन्ममृत्यूच्या तिथींची समकालीन नोंद उपलब्ध नाही. त्यांना सामान्यतः १५व्या शतकात ठेवले जाते. कथेतील बिदरच्या बादशहाचा उल्लेख ऐतिहासिक मानला, तर बिदर ही राजधानी झाल्यानंतरचा काळ गृहीत धरावा लागतो. महिपतींचा ग्रंथ या घटनांनंतर सुमारे ३०० वर्षांनी लिहिला गेला. संतचरित्रे लिहिताना महिपतींचा मुख्य हेतू भक्तीचा महिमा सांगणे हा होता. त्यामुळे त्यातील तपशील इतिहास म्हणून जसेच्या तसे घेता येत नाहीत. मंगळवेढे, गणिकेचे घर, सत्ताधाऱ्याची मागणी आणि पंढरपूर येथील अंत हा कथेचा गाभा मात्र परंपरेत स्थिर राहिलेला दिसतो. अभंगांतील आशयही त्याच्याशी जुळणारा आहे.

काव्य

कान्होपात्रा यांचे काव्य आकाराने अल्प आहे. त्यांची भाषा साधी, बोलण्याच्या वळणाची आणि अलंकारांचा सोस नसलेली आहे. प्रत्येक चरणातील अक्षरांचे प्रमाण ६-६-६-४ असणाऱ्या मोठ्या अभंगाचा त्यांनी उपयोग केलेला आढळतो. शेवटच्या चरणात त्या स्वतःच्या नावाची मुद्रा घालतात. वेदान्ताची परिभाषा, योगमार्गाची चर्चा किंवा समाजाला केलेला उपदेश त्यांच्या काव्यात फारसा नाही. बहुतेक रचना विठ्ठलाशी केलेल्या थेट संवादाच्या आहेत.

या संवादातील मुख्य भाव आर्ततेचा आहे. वाघाने धरलेल्या हरिणीच्या पाडसाशी त्या स्वतःची तुलना करतात आणि देवाने आता अधिक कसोटी पाहू नये असे विनवितात. ही प्रतिमा केवळ संसारतापाचे रूपक नाही. ज्या स्त्रीच्या देहावर सत्ताधाऱ्याचा डोळा आहे, तिची भीती त्यात अगदी शब्दशः उमटलेली आहे. परंपरेनुसार ही रचना मृत्यूपूर्वीच्या अखेरच्या क्षणांतील आहे.

दुसऱ्या एका अभंगात विनवणीची जागा युक्तिवाद घेतो. देव स्वतःला पतितपावन म्हणवून घेतो, तर त्याने त्या नावाला जागले पाहिजे, असे त्या सुनावतात. सिंहाच्या वाट्याचा घास कोल्ह्याने नेला तर लाज सिंहाचीच जाते, असा दाखला त्या देतात. आपण विठ्ठलाच्या झालो असताना दुसऱ्याने आपल्याला न्यावे हा विठ्ठलाचा कमीपणा आहे, असा त्याचा रोख आहे. शरणागती आणि स्वत्वाची जाणीव या दोन्ही गोष्टी येथे एकत्र येतात.

आपण जातिहीन आहोत, आचार जाणत नाही, पतित आहोत, असे त्या अनेकदा म्हणतात. त्यामागे समाजाने लादलेल्या हीनत्वाचा अनुभव आहे. मात्र हे हीनत्व देवाच्या दाराशी अडसर ठरत नाही, असा त्यांचा विश्वास आहे. नामस्मरणाच्या सामर्थ्याविषयी लिहिताना पुराणांत उद्धरून गेलेल्या पतितांचे दाखले त्या देतात. काही अभंगांत त्या विठ्ठलाला कृष्णाई, कान्हाई अशा मातृवाचक नावांनी हाका मारतात. पुरुषांच्या वासनेपासून पळालेल्या या कवयित्रीने देवाकडे आई म्हणून पाहावे, ही गोष्ट लक्षणीय आहे. महिपतींच्या कथेत विठ्ठल हा सौंदर्याच्या अटीत बसणारा वर आहे. तर त्यांच्या स्वतःच्या शब्दांत तो अनेकदा लेकराला कुशीत घेणारी माउली आहे. चरित्रकाराची कान्होपात्रा आणि अभंगांतील कान्होपात्रा यांत असलेला हा फरक त्यांच्या काव्याच्या अभ्यासात महत्त्वाचा ठरतो.

स्त्री-संतांच्या परंपरेतील स्थान

मराठीत स्त्रियांच्या काव्यरचनेची परंपरा १३व्या शतकापासून दिसते. वऱ्हाडातील रिद्धपूर (अमरावती जिल्हा) येथे गोविंदप्रभूंच्या सान्निध्यात धवळे रचणारी महानुभाव पंथातील महदंबा ही मराठीतील आद्य कवयित्री मानली जाते. तिच्यानंतर वारकरी परंपरेत मुक्ताबाई, जनाबाई, सोयराबाई, निर्मळा आणि पुढे बहिणाबाई यांची नावे येतात.

या सर्वांपेक्षा कान्होपात्रा यांची परिस्थिती वेगळी होती. महदंबेला पंथाचा आधार होता आणि महानुभावांनी आपले ग्रंथ सांकेतिक लिपीत लिहून पोथ्यांमधून जपले. मुक्ताबाईंना ज्ञानेश्वरादी बंधूंचे, जनाबाईंना नामदेवांच्या कुटुंबाचे, तर सोयराबाई आणि निर्मळा यांना चोखामेळ्यांच्या घराचे सान्निध्य लाभले. बहिणाबाईंनी तुकाराम महाराजांना गुरू मानले. कान्होपात्रा यांना गुरू नव्हता, शिष्यपरंपरा नव्हती आणि कोणा संतपुरुषाशी नातेही नव्हते. केवळ भक्तीच्या बळावर त्यांना संतपद मिळाले. त्यांचे अभंग टिकले ते प्रामुख्याने वारकऱ्यांच्या मुखी राहिल्याने. त्यांच्या रचना संख्येने थोड्या का उरल्या, हे समजण्यास ही पार्श्वभूमी उपयोगी पडते.

गणिकेचे जीवन सोडून काव्यरचना करणाऱ्या स्त्रिया भारतीय साहित्यात अन्यत्रही आढळतात. पाली भाषेतील थेरीगाथेत वैशालीची गणिका आम्रपाली हिची गाथा असून तीत तिने आपल्या देहाच्या वार्धक्याचे वर्णन केले आहे. १२व्या शतकातील कन्नड वचनकारांमध्ये सूळे संकव्वा हिचा समावेश होतो. आम्रपालीने ओसरलेल्या सौंदर्याकडे अलिप्तपणे पाहिले. कान्होपात्रा यांना सौंदर्य ओसरण्याइतका काळच मिळाला नाही. त्यांच्या काव्यात देह हे धोक्याचे ठिकाण म्हणूनच येतो.

समाधी आणि स्मारके

पंढरपूरच्या विठ्ठल मंदिरात दक्षिण बाजूस कान्होपात्रा यांचे स्थान आणि तरटीचे झाड दाखविले जाते. दर्शनास आलेले वारकरी त्यास नमस्कार करून पुढे जातात. चोखामेळा यांची समाधी महाद्वाराबाहेर आहे आणि नामदेवांचे स्मरण मंदिराच्या पायरीशी जोडलेले आहे. या पार्श्वभूमीवर गणिकेच्या कन्येचे स्थान प्रत्यक्ष आवारात असणे, हे वारकरी परंपरेने त्यांना दिलेल्या मानाचे द्योतक समजले जाते. मंगळवेढे येथेही कान्होपात्रा यांचे छोटे मंदिर आहे.

नाटक आणि चित्रपट

नारायण विनायक कुलकर्णी यांनी लिहिलेले संगीत कान्होपात्रा हे नाटक १९३१ मध्ये रंगभूमीवर आले. त्यात कान्होपात्रा यांची भूमिका बालगंधर्व यांनी केली. या नाटकामुळे कान्होपात्रा यांचे अभंग कीर्तनाच्या फडातून नाट्यगृहात आणि तेथून घरोघरी पोहोचले. पुढे आकाशवाणी आणि ध्वनिमुद्रिका यांनी त्यांचा प्रसार वाढविला. भालजी पेंढारकर यांनी १९३७ मध्ये कान्होपात्रा या मराठी चित्रपटाचे लेखन आणि दिग्दर्शन केले.

ज्या स्त्रीने बैठकीत नाचण्यास नकार दिला, तिची कथा पुढे रंगमंचावरून सांगितली गेली. तिचे अभंग मात्र आजही मूळच्या जागी, विठ्ठलापुढे, गायिले जातात. आषाढी आणि कार्तिकी वारीच्या काळात दिंड्यांमधून आणि भजनी मंडळांतून ते ऐकू येतात.